वरचे फलक, खालचे पाय

आज दिवसभर एडिटवर १९८२ च्या गिरणी संपाचं फुटेज लावत होतो. १८ जानेवारीला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेला, अडीच लाखांच्या आसपास कामगारांचा संप. यू-मॅटिक या जुन्या व्हिडिओ कॅसेटवरून उतरवलेलं चित्र, रंग विटलेले, कडेला रेघा थरथरतात. तरी माणसं अगदी समोर येऊन उभी राहतात.

दुपारी चॅनलचा निरोप: बाजूच्या काळ्या पट्ट्या नकोत, झूम करून फ्रेम भरा.

रुंदी-उंचीचं प्रमाण बघा: जुनी फ्रेम ४:३, आजचा टीव्ही १६:९. रुंदी भरायची म्हणजे उंचीतला पाव भाग सरळ उडतो. एका शॉटमध्ये वर मोर्चाचे फलक आहेत, खाली अनवाणी पाय. फलक ठेवले तर पाय जातात, पाय ठेवले तर मागणीच जाते. ज्याने कॅमेरा धरला त्याने दोन्ही घेतलंय, ते कापणारे आपण कोण? मी पट्ट्या ठेवल्यात आणि त्यासाठी भांडणार आहे.

शॉट मुका आहे म्हणून दुसऱ्याच कुठल्या मोर्चाच्या घोषणा त्याखाली चिकटवणंही मला पटत नाही. त्यात कुणाचे तरी आईबाप चालतायत, आणि त्यांची नातवंडं हे बघणार आहेत.

लालबाग-परळकरांनो, घरात त्या काळातले फोटो असतील तर मागे जागा, साल, माणसांची नावं आत्ताच लिहून ठेवा, सांगणारे घरात आहेत तोवर. आणि बुरशी धरलेली कॅसेट थेट व्हीसीआरमध्ये घालू नका. आधी जाणकाराकडून साफ करून घ्या.