पहिला बुधवार, दुपारी बारा

फ्रान्समध्ये दर महिन्याच्या पहिल्या बुधवारी दुपारी बरोब्बर बाराला धोक्याचे भोंगे टेस्ट करतात. 1 मिनिट 41 सेकंद, वर चढत खाली उतरत. शाळेतल्या पोरालाही ठाऊक असतं. पण शूटचं वेळापत्रक लावणाऱ्या आमच्या फर्स्ट असिस्टंट डिरेक्टरने नेमका त्याच दिवशी पावणेबाराला अख्ख्या सिनेमातला सगळ्यात हळू आवाजातला सीन लावला, म्हातारा बाप मुलीशी जवळजवळ कुजबुजत बोलतो तो.

मी बूम ऑपरेटर, लांब दांडीवरचा माईक नटांच्या डोक्यावर धरणारा. पुण्याला एफटीआयआयमध्ये साउंड शिकलो, आता पॅरिसमध्ये. आमच्या साउंडच्या चीफने हे मीटिंगमध्ये आधीच सांगितलं होतं, शेड्यूल तसंच आलं. लाइटसाठी दोन तास थांबतील, आवाजासाठी दोन मिनिटं मागा, लगेच तोंडं वाकडी. भांडणार तरी किती, वर्षाला 507 तास भरले तरच आम्हाला बेकारभत्ता, कटकट्या म्हणून नाव झालं की पुढचं काम कोण देणार?

चीफ भांडलीच नाही. सकाळी फ्रीज बंद केला, गाडीची किल्ली फ्रीजमध्ये ठेवली (म्हणजे जाताना चालू करायचा विसरत नाही), करकरणाऱ्या लाकडी फरशीवर गालिचे टाकले, मला मोजे घालून उभं केलं. आणि अंगणाकडच्या खिडकीत दोन माईक लावले, कॅन्टार रेकॉर्डरवर वेगळ्या ट्रॅकला. म्हटलं हे कशाला? म्हणाली, भोंगा तर वाजणारच, मग नीट तरी घेऊ.

टेक चालू असतानाच वाजला. डिरेक्टर कट म्हणाला नाही. म्हाताऱ्याने वाक्य अर्धंच गिळलं, खिडकीकडे बघत राहिला, आणि मग भोंग्याच्या खालूनच, आणखी हळू, उरलेलं बोलला. मी माईक इतका खाली आणला की कॅमेरामन डोळे वटारायला लागला, पण हेडफोनमध्ये त्याचा श्वास ऐकू येत होता हो, अंगावर काटा आला.

आता एका शॉटमध्ये भोंगा आला की समोरच्या मुलीच्या क्लोजअपमध्येही तोच, त्याच सुरात हवा, नाहीतर कटला आवाज उडी मारतो. तो क्लोजअप जेवणानंतरचा, तेव्हा भोंगा कुठला. खिडकीतला ट्रॅक त्यासाठीच, एडिटरने खाली अंथरला की काम झालं. शिवाय चीफने म्हाताऱ्याचे संवाद कॅमेऱ्याशिवाय नुसते आवाजासाठी परत घेतले, पण ते सपाटच आले, तो तरी काय करणार.

मिक्सिंगला कोणीतरी वरच्याने ठरवलं, बाहेरच्या देशात लोकांना युद्ध सुरू झालंय वाटेल. भोंगा सॉफ्टवेअरने काढला, त्याबरोबर श्वासही गेला, आवाज टाकीतून बोलल्यासारखा झाला. खिडकीचा ट्रॅक कोणी उघडून ऐकला की नाही देव जाणे.

पडद्यावर म्हातारा अजून खिडकीकडे बघतोय, बाहेर काहीच नाही. शो सुटल्यावर एक बाई मला म्हणाल्या, तो मधेच थांबून बाहेर बघतो ना, काय अभिनय आहे! मी आपलं मेर्सी म्हणालो.