जळणाऱ्यांसाठी प्रेमगीत

मराठी द्वंद्वगीतात दोघंच असतात. चांदणं असतं, वारा असतो, फार तर एखादी होडी. शेजारी मात्र कधी नसतात. गाणं संपेपर्यंत आपले गीतकार त्यांना घरातच बसवून ठेवतात. म्हणून असेल, पण डायमंड प्लॅटनम्झ आणि झुचू या टांझानियातल्या जोडीचं २०२२ सालचं ‘म्टासुबिरी’ (म्हणजे ‘वाट बघत बसाल’) ऐकताना मला भलतीच गंमत वाटते. आहे प्रेमगीतच, पण सगळा रोख तिसऱ्याकडे: आमचं मोडेल म्हणून टपून बसलेल्यांनो, बसा वाट बघत!

हे स्वाहिली पॉप, म्हणजे बोंगो फ्लेवा, नव्वदच्या दशकात दार-एस-सलाममध्ये रॅप ऐकत-ऐकत वाढलं. पुढे त्यात काँगोची गिटार आली, दक्षिण आफ्रिकेचे ठेके आले. डायमंड गातो तो लाडात येऊन, बोलल्यासारखं. झुचू मात्र ओळ संपवताना स्वराला किंचित हेलकावा देते, आणि तिथे स्टुडिओ विसरून थेट झांझिबार बेटावरचं ताराब हे जुनं संगीत ऐकू येतं. येणारच. ती झांझिबारची आणि तिची आई खदिजा कोपा ही ताराबमधली बडी गायिका.

ताराब म्हणजे ऊद आणि कानून ही अरबी तंतुवाद्यं, व्हायोलिनं, अरबी वळणाचे स्वर आणि अधूनमधून चक्क हिंदी सिनेमाच्या चाली. त्याचाच ‘मिपाशो’ हा अवतार खास टोमण्यांचा. खदिजाबाईंचं नाव त्यात गाजलं. गायिका गात असते. एखादी ओळ आपल्या सवतीला नाहीतर शेजारणीला नेमकी लागू पडतेय असं वाटलं की श्रोत्यांतली बाई उठते, ठुमकत पुढे जाते आणि गायिकेला नोट देते. जिला कळायचं तिला कळतं. आपल्याकडच्या दौलतजादेत पैसे अदेवर उधळतात. इथे नोट गायिकेला आणि टोमणा शेजारणीला. हिशेब चोख.

ही खोड जुनीच. सीती बिंती साद ही झांझिबारची गायिका १९२८ साली एचएमव्हीसाठी गायला समुद्र ओलांडून आली, तीही आपल्या मुंबईत. स्वाहिली गाण्यांच्या त्या तबकड्या पूर्व आफ्रिकेत धडाधड खपल्या. तिच्या गाण्यांत प्रेम होतं, तशाच गावातल्या भानगडी होत्या आणि कोर्टकचेरीतले पक्षपातही. मुंबईच्या रेकॉर्डिंगवाल्यांना त्यातलं किती कळलं असेल, देव जाणे!

डायमंड-झुचूच्या गाण्यालाही तिसरे कमी पडले नाहीत. दोघांचं खरंच जमलंय का, यावर तेव्हा टांझानियात चवीने चर्चा चालली होती. म्हणजे गाण्यातले शेजारी गाण्याबाहेरही हजर. आणि सप्टेंबरमध्ये त्यात सरकारचीही भर पडली: व्हिडिओतल्या चर्चच्या दृश्यावर आक्षेप घेऊन तिथल्या नियामकाने तो दाखवायला बंदी केली.