जावरच्या भिंतीतल्या मुशी

रसरत्नसमुच्चय या रसविद्येच्या जुन्या पोथीत एका मुशीचं, म्हणजे धातू काढायच्या मातीच्या भांड्याचं, वर्णन येतं. आकार वांग्यासारखा, तोंडाला बारा अंगुळांची नळी, आणि नळीचं टोक धोतऱ्याच्या फुलासारखं उमललेलं. नाव वृंताक मूषा. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी तिला परीस आणि चिंतामणी यांच्या पंगतीत बसवून टाकलं होतं. गोष्टीतली वस्तू, गोष्टीतच राहणारी. पुढे कळलं की राजस्थानात जावर नावाच्या गावाजवळ जस्त काढायला वापरलेल्या अशाच मुशींचे ढीग पडलेत, तेव्हा जायचं पक्कं केलं. तरी जायला इतकी वर्षं लागली.

उदयपूरहून दक्षिणेला साधारण 40 किलोमीटर. शहर मागे पडलं की अरवलीच्या टेकड्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी चिकटतात. जावरमातेचं देऊळ आहे, पडकी जैन देवळं आहेत, टिडी नदीचं पात्र आहे. मी देवळांपाशी फार थांबले नाही. पाय आधीच टेकडीच्या उताराकडे वळत होते.

आणि मग ती भिंत दिसली. जुन्या वस्तीतल्या एका पडक्या घराची. दगड थोडे, बाकी सगळ्या मुशी. वीतभर लांबीच्या, मनगटाहून जाड, एकावर एक आडव्या रचलेल्या. भाजून भाजून त्यांचा बाहेरचा थर काचेसारखा झालेला, राखाडी, मध्येच हिरवट चमकणारा. काम झालेली मूस पुन्हा वापरता येत नसे, आणि टाकून देण्याइतकी ती कच्चीही नव्हती, म्हणून लोकांनी त्यांची घरं बांधली. ज्या वस्तूला मी पोथीतलं गूढ समजत होते, तिच्या आडोशाला कुणाचा तरी संसार झाला होता. मी कितीतरी वेळ नुसती उभी होते.

ही मूस एवढी मोलाची का, ते समजायला जस्ताचा स्वभाव समजून घ्यावा लागतो. तांबं, शिसं, लोखंड भट्टीत खनिजापासून सुटतात आणि तळाशी सापडतात. जस्त तसं सापडत नाही. कोळशाच्या मदतीने त्याला खनिजातून सोडवायला सुमारे 1000 अंश सेल्सियस उष्णता लागते, आणि ते उकळतं 907 अंशांनाच. म्हणजे जन्मतःच त्याची वाफ झालेली असते. ती वर निघाली आणि हवेला भेटली की जळून पुन्हा पांढरी राख. धातू हातात येण्याआधीच हरवतो. जगभरच्या धातुकारांना तो इतका काळ शुद्ध रूपात मिळाला नाही, त्याचं कारण हेच.

जावरच्या कारागिरांनी मूस उपडी केली. एवढंच. पण काय विचार आहे हा!

मुशीत खनिजाच्या आणि कोळशाच्या गोळ्या भरायच्या, मधोमध एक बारीक काडी खुपसायची, तोंडाला नळी चिकणमातीने लिंपून टाकायची आणि मूस उलटी करून भोकांच्या जाड मातीच्या ताटलीवर बसवायची. काडीमुळे गोळ्या लगेच खाली घसरत नाहीत. ती जळून कोळसा झाली की वाफेला वाट उरते. ताटलीच्या वर जाळ, खाली थंड कप्पा. वाफेला वर जायला जागाच नाही, म्हणून ती नळीतून खाली उतरते, गार होते आणि थेंब थेंब जस्त खालच्या भांड्यात पडतं. 1980च्या दशकात ब्रिटिश म्युझियम, बडोद्याचं महाराजा सयाजीराव विद्यापीठ आणि हिंदुस्थान झिंक यांनी मिळून इथे उत्खनन केलं, तेव्हा एका रांगेत सात भट्ट्या सापडल्या. एकेका भट्टीत सहा ओळींत सहा, अशा 36 मुशी. एका वेळी अडीचशेच्या वर मुशी पेटलेल्या! किमयागाराची अंधारी खोली म्हणून जे चित्र माझ्या डोक्यात होतं ते तिथेच पुसलं गेलं. हा कारखाना होता.

पोथीतली कृती मी वहीत उतरवून नेली होती. खर्परासोबत, म्हणजे जस्ताच्या खनिजासोबत, हळद, त्रिफळा, राळ, सैंधव, काजळी, टाकणखार, बिब्बा. वाचताना हे एखाद्या तोडग्यासारखं वाटतं. भिंतीजवळ बसून पुन्हा वाचलं तेव्हा लख्ख दिसलं: हळद, त्रिफळा, राळ, बिब्बा, सगळ्यांचा बंद मुशीत शेवटी कोळसाच होणार, आणि जस्ताला सोडवणारा तोच. पुढे पोथी सांगते की ज्वाळा निळी असते ती पांढरी झाली की मूस सांडशीने उचलावी. हे वाक्य कल्पनेतून येत नाही. भट्टीच्या धगीत डोळे भाजून घेतलेल्या माणसाचं ते वाक्य आहे.

आणि सोनं? नागार्जुनाच्या नावावर असलेल्या रसरत्नाकरात म्हटलंय की रसकाने तीन पुटांत, म्हणजे तीनदा भाजून, तांब्याचं कांचन केलं तर त्यात नवल ते काय. रसक म्हणजेही जस्ताचं खनिजच. तांब्यात जस्त शिरलं की पितळ होतं, सोन्याच्या रंगाचं. ज्यांनी पहिल्यांदा लाल तांबं पिवळंधमक होताना पाहिलं असेल, त्यांना परीस सापडला असं वाटलं तर त्यांना वेडं कोण म्हणेल? मी तरी नाही म्हणणार. त्यांच्या डोळ्यांसमोर धातूचा रंग खरोखरच बदलला होता.

युरोपात विल्यम चॅम्पियनने ब्रिस्टलला जस्त गाळण्याचं पेटंट घेतलं ते 1738 साली, आणि त्याच्याही भट्टीत वाफ खालीच उतरत होती. जावरला तोवर शतकं उलटली होती. 1988 साली अमेरिकेतल्या एएसएम इंटरनॅशनल या संस्थेने जावरला धातुशास्त्राच्या इतिहासातलं महत्त्वाचं स्थळ म्हणून मान दिला. आपल्या शाळेच्या पुस्तकात मात्र मला जावर हा शब्द भेटला नव्हता, आणि त्याची चुटपुट मला अजून आहे.

उतारावर एक फुटकी मूस पडली होती. उचलली नाही, तिच्याशेजारी गुडघे टेकून आत पाहिलं. आत जळून काळा पडलेला गाळ, आणि त्याच्या मधोमध आरपार गेलेलं बोरूएवढं छिद्र. काडी होती तिथे. खाली रस्त्यावरून खाणीचे ट्रक जात होते. याच डोंगरांतून आजही जस्ताचं खनिज निघतं. छिद्रातून पलीकडचा उजेड दिसत होता.