मेटॅलिका फ्लॅकमध्ये, आठवडा चौथा: बेस शोधमोहीम

मेटॅलिका या मेटल बँडचे अल्बम फ्लॅकमध्ये, म्हणजे आवाजातलं काहीही न गाळणाऱ्या (लॉसलेस) फाइलमध्ये, ऐकतोय. 'मास्टर ऑफ पपेट्स' (१९८६) परत रिप करावा, म्हणजे सीडीवरून संगणकावर उतरवावा लागला. मित्राच्या हार्डडिस्कवरून आणलेली फाइल नावापुरतीच फ्लॅक निघाली. स्पेकमध्ये (फाइलमधल्या फ्रिक्वेन्सी चित्रात दाखवणारं सॉफ्टवेअर) उघडली तर १६ किलोहर्ट्झच्या वर काळाकुट्ट अंधार. कुणीतरी १२८ केबीपीएसची एमपी३, जिच्यातले वरचे सूर आधीच कापलेले असतात, फ्लॅकमध्ये बदलून ठेवली होती. मग माळ्यावरची सीडी काढली, एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी या रिपिंग सॉफ्टवेअरला लावली आणि झालं काम. 'ओरायन'च्या मध्यावर सगळे थांबतात आणि तेव्हाचा बेसवादक क्लिफ बर्टन याचा बेस (खालच्या सुरांची गिटार) एकटा चालू लागतो, ती जागा तीनदा ऐकली.

कबुली देऊन टाकतो: ३२० केबीपीएसची एमपी३ आणि फ्लॅक यांची फूबार या प्लेअरमध्ये एबीएक्स चाचणी (कुठली फाइल वाजतेय ते न बघता ओळखायची) केली, १६ पैकी ९ बरोबर. म्हणजे अंदाजपंचे दाहोदरसे. तरी फ्लॅकच ठेवणार, हौसेला मोल नसतं.

आता '...अँड जस्टिस फॉर ऑल' (१९८८). सप्टेंबर १९८६ मध्ये स्वीडनमधल्या बस अपघातात बर्टन गेला, जेसन न्यूस्टेड आला, आणि त्याचा बेस मिक्समध्येच (वाद्यांचे आवाज एकत्र जुळवतानाच) दाबला गेला. म्हटलं, लॉसलेसमध्ये काहीतरी हाती लागेल. 'ब्लॅकन्ड' लावून १०० हर्ट्झच्या खालचा भाग ६ डेसिबलने उचलला. ड्रमर लार्सचा किक ड्रम तेवढा छातीवर आदळायला लागला, बेसचा पत्ता नाही. न्यूस्टेड बराच वेळ गायक-गिटारवादक हेटफिल्डच्या रिफचीच (पुन्हापुन्हा येणाऱ्या गिटारच्या तुकड्याचीच) सावली वाजवतो, त्यामुळे आहे तेवढाही गिटारखाली झाकला जातो. २०१८चा रीमास्टरही लावून पाहिला. मिक्स तोच, मग बेस येणार कुठून?

राहवेना म्हणून मधले सगळे सोडून थेट 'डेथ मॅग्नेटिक'वर (२००८) उडी मारली. ऑडॅसिटी या ऑडिओ एडिटरमध्ये 'द डे दॅट नेव्हर कम्स' उघडलं. सुरुवातीची शांत गिटार सोडली तर पुढे वेव्हफॉर्म नाहीच, नुसती वीट, इतका आवाज चेपून वर नेलाय. झूम केलं तर लाटांचे माथे करवतीने कापल्यासारखे सपाट, आणि त्यामुळे ऐकताना करकर. ती करकर मी महिनाभर माझ्या बिचाऱ्या डॅकच्या (डिजिटल फाइलचा आवाज बनवणाऱ्या डबीच्या) माथी मारत होतो! फ्लॅकने कापलेले माथे इमानेइतबारे जपलेत, त्याचा काय दोष? त्याच वर्षी 'गिटार हिरो' या गेममध्ये आलेली हीच गाणी इतकी चेपलेली नव्हती, हे त्याहून चीड आणणारं.

पुढच्या आठवड्यात १९९१चा काळा अल्बम. तिथे निर्माता बॉब रॉकने न्यूस्टेडला जागा दिलीय. इक्वलायझर बंद करून ठेवलाय, हेडफोनचे इअरपॅड मात्र सोलायला लागलेत, ते आधी बदलतो.