सगळ्या डाव्याच

गेली चार वर्षं मी कोल्हापुरात राजारामपुरीतल्या घरातून कुकीज करून देते. बदाम, चांदण्या, पोरांच्या वाढदिवसाला डायनासोर. मागच्या मे महिन्यात मात्र एका मुलीनं चॉकलेटच्या कोल्हापुरी चपला मागितल्या. तिच्या आजोबांचं सहस्रचंद्रदर्शन होतं, आणि आजोबांची सगळी हयात सुभाषनगरात चपला शिवण्यात गेलेली. "40 जोड हवेत ताई. आणि कापशीच, कान असलेली." (कापशी हा कोल्हापुरीचा एक प्रकार; कान म्हणजे दोन्ही बाजूंना बाहेर आलेल्या चामड्याच्या पाकळ्या.)

असला साचा तयार मिळणं शक्यच नव्हतं. चप्पल लाईनमधून, म्हणजे चपलांच्या दुकानांच्या गल्लीतून, चपलेचं एक किचेन आणलं, कागदावर त्याच्या दुप्पट आकार काढला आणि पत्र्याची कामं करणाऱ्या काकांकडून पट्टी वाकवून घेतली. वरची कड दुमडलेली, खालची धारदार. किचेनला चप्पल एकच असते, हे तेव्हाच डोक्यात शिरलं असतं तर पुढचा घोळ झालाच नसता.

ट्रायलच्या चार कुकीज भट्टीतून निघाल्या त्या म्हशीच्या खुरासारख्या. कान गायब, अंगठ्याकडचं टोक पसरट. चूक माझीच. सवयीनं बेकिंग पावडर टाकली होती, आणि सासूबाईंच्या आग्रहाखातर घरचं लोणी वापरलं होतं. (कोल्हापुरात राहून बटर विकत आणते, हे त्यांना अजून पटलेलं नाही.) घरच्या लोण्यात पाणी जास्त राहतं, आणि आकार कापायच्या कुकीला पाणीही नको नि फुगणंही नको.

मग हिशेब नव्यानं मांडला. मैदा 1 किलो, कोको 200 ग्रॅम, बिनमिठाचं बटर 600 ग्रॅम, पिठीसाखर अर्धा किलो, गोळा जमेल इतकंच दूध. बेकिंग पावडर नाही. कोको एवढा अशासाठी की बाभळीच्या सालीत आणि हिरड्यात कमावलेल्या चामड्याचा रंग जवळपास तरी यावा.

कार्यक्रमाच्या दिवशी पहाटे पाचला उठले. बटर 32-35 अंशांना वितळतं आणि मे महिन्यात दुपारी माझं स्वयंपाकघर त्याच्याही पुढं जातं, त्यामुळं लाटणं काय ते सकाळीच. रात्रभर फ्रिजमध्ये ठेवलेला गोळा दोन बटरपेपरांमध्ये लाटायचा. दोन्ही बाजूंना 5 मिलिमीटरच्या लाकडी पट्ट्या, म्हणजे जाडी सगळीकडं सारखी. भुरभुरायला मैदा नाही, कोकोच; मैद्याचे पांढरे डाग भाजल्यावरही जात नाहीत. कापलेल्या चपला पुन्हा पंधरा मिनिटं फ्रीजरमध्ये. त्या कडक झाल्या की टूथपिकनं कडेनं टिपेची भोकं पाडायची. मग 170 अंशांवर बारा मिनिटं. कोकोमुळं लालसर झाली का हे दिसत नाही, म्हणून घड्याळावर आणि वासावर चालायचं. कड बोटाला घट्ट लागली आणि मधला भाग किंचित मऊ असला, की ट्रे बाहेर.

साडेअकराला 80 चपला टेबलावर ओळीनं मांडल्या. कान जिथल्या तिथं. मी फोटो काढत होते तेवढ्यात भांड्याच्या मावशी आल्या. पदराला हात पुसत बराच वेळ बघत उभ्या राहिल्या.

"वैनी, ह्या समद्या डाव्याच हाइत की वो."

मी हसले, आणि मग माझं मलाच दिसलं. 80 चपला, 80 डावे पाय. आणि संध्याकाळी त्या बघणार कोण, तर जन्मभर जोड लावलेला माणूस.

गोळा संपलेला, बटर संपलेलं, बाहेर ऊन असं की नवा गोळा लाटणं अशक्य. मी खुर्चीवर बसले. डिलिव्हरीला सहा तास होते. मावशींनी मात्र एक चप्पल उचलली आणि तव्यावरची भाकरी परतावी तशी पालथी ठेवली.

"हे बघा. उजवी झाली."

खरंच झाली होती. शिवाय ट्रेवर टेकलेली बाजू वरच्यापेक्षा जास्त सपाट असते, आयसिंगला उलट बरीच. आम्ही दोघींनी मिळून 40 चपला पालथ्या केल्या. एक मोडली, ती मावशींनी खाल्ली आणि नव्या गोळ्याची, ट्रायलसाठी कापून फ्रीजरमध्ये राहिलेली एक सापडली, ती भाजून घेतली म्हणून निभावलं. पिठीसाखर आणि दुधाचं घट्ट आयसिंग करून पट्टे, वेणी, लाल गोंडे काढले. पालथ्या चपलांवर भोकं नव्हती, तिथं टिपेचे ठिपकेही आयसिंगनंच दिले. शंका आली असती तर ती फक्त मला.

संध्याकाळी खोकी घेऊन मी स्वतःच गेले. आजोबांना ओवाळून झालं होतं. नातीनं त्यांच्या हातात एक जोड ठेवला. त्यांनी चष्मा वर सरकवला, डाव्या चपलेवरून अंगठा फिरवला, मान हलवली. मग उजवी उचलली आणि सरळ उलटी करून तळ बघितला. गिऱ्हाईक बघतं तसा नाही, कारागीर बघतो तसा.

"ही पोरगी हुशार हाय," ते नातीला म्हणाले. "पण उजवीची टीप तळाला कशापायी घातलीया?"

मी खरं ते सांगून टाकलं. आजोबा इतके हसले की त्यांना ठसका लागला. पाणी पिऊन झाल्यावर त्यांनी साचा मागवून घेतला. गाडीतच होता. तो उलटा धरून, दुमडलेल्या कडेवर नख आपटत म्हणाले, "ही बाजू बी घासून धार लाव. मग दोन्ही पाय निघतील." आणि डावी चप्पल टाचेकडून खायला लागले.