तुम्ही विचारलंत म्हणून: सैन्यात गेलं तर बी.ई. वाया जातं का?

निवृत्त होऊन पुण्यात आल्यापासून हा प्रश्न मला सोसायटीच्या लिफ्टपासून लग्नाच्या पंगतीपर्यंत सगळीकडे गाठतो. विचारणारे बहुधा वडील असतात. "कर्नलसाहेब, मुलगा सिव्हिलला आहे, सैन्यात जायचं म्हणतोय. चार वर्षांचं शिक्षण वाया नाही ना जाणार?"

थोडं जातं. एकाच विषयात वर्षानुवर्षं मुरणं आमच्याकडे, सैन्याच्या इंजिनियर शाखेत, होत नाही. दोन-तीन वर्षांनी बदली ठरलेली: आज फील्ड कंपनी, उद्या सीमेवरचे रस्ते, परवा एमईएस, म्हणजे सैन्याच्या इमारती बांधणारं आणि सांभाळणारं खातं. काहींना सैन्य आयआयटीत एम.टेक.ला पाठवतं, पण सगळ्यांना नाही.

उरतं ते मात्र अंगात भिनतं. बेली पूल म्हणजे तयार लोखंडी भाग जोडून उभारायचा पूल. त्याचं एक पॅनल दहा फूट लांब, साधारण 260 किलोचं. सहा जवान मिळून उचलतात. पूल एका काठावर जोडायचा आणि रोलर्सवरून पलीकडे ढकलायचा. पुढे बिनफळ्यांचा हलका सांगाडा असतो, त्याला 'नोज' म्हणतात. समोरचा काठ गाठेपर्यंत तोल मागेच राहिला पाहिजे, नाहीतर पूल नदीत. परीक्षेपुरते पाठ केलेले मोमेंट, म्हणजे तोलाची गणितं, तिथे आठवतात, आणि तुम्ही कॅल्क्युलेटर काढेपर्यंत सुभेदारसाहेबांनी आकडा सांगितलेला असतो. 2018 साली मुंबईच्या एल्फिन्स्टन रोड (आताच्या प्रभादेवी) स्टेशनवर लष्कराने उभारलेला पादचारी पूल याच जातीचा. 2024 साली वायनाडमध्ये दरडी कोसळल्यावर मद्रास सॅपर्सनी (सॅपर म्हणजे सैन्यातला इंजिनियर जवान) 190 फुटांचा बेली पूल दोन दिवसांच्या आत उभा केला. तिथे पुढे होत्या मेजर सीता शेळके, आपल्या नगर जिल्ह्यातल्या.

पूल दिसतो, म्हणून त्याचे फोटो छापून येतात. सुरुंगांचं काम कुणाला दिसत नाही. डिसेंबर 2001 मध्ये संसदेवर हल्ला झाला आणि पश्चिम सीमेवर सैन्य उभं राहिलं, तेव्हा मी कॅप्टन होतो. आम्ही सुरुंग पेरले ते लोकांच्या शेतांत, कारण सीमेला लागून शेतंच आहेत. पेरताना प्रत्येक ओळीची नोंद करायची: अमुक खुणेपासून इतकं अंतर, अमुक दिशेला. ही नोंदवही आमच्या लेखी बंदुकीइतकी महत्त्वाची. पुढे सुरुंग काढायची वेळ आली तेव्हा वाळू सरकलेली होती, पाण्याने माती हललेली होती. डिटेक्टर फिरवायचा, टोचणी तिरपी धरून जमीन चाचपायची, आणि संध्याकाळी पेरलेल्यांचा आणि काढलेल्यांचा हिशोब जुळवायचा. एक जरी कमी भरला तरी तो पट्टा पुन्हा पहिल्यापासून. बांधावर शेतकरी रोज येऊन उभा राहायचा. बोलायचा काही नाही. त्याला फक्त नांगर कधी घालता येईल ते हवं असायचं. इतकी काटेकोर मोजणी मला कुठल्याही कॉलेजने शिकवली नव्हती.

एमईएसबद्दल थोडक्यात सांगतो. तिथे तुम्ही गॅरिसन इंजिनियर होता, म्हणजे टेंडरं, मोजमापवह्या, ऑडिटचे आक्षेप, आणि रात्री अकराला फोन: "साहेब, गीझर चालत नाही." पोस्टरवर हे नसतं. अर्थात, बजेट कसं चालतं ते इथेच कळलं.

आता पदवीचंच म्हणाल, तर परमवीर चक्र मिळवणारे आमचे बॉम्बे सॅपर्सचे रामा राघोबा राणे यांच्याकडे इंजिनियरिंगची पदवी नव्हतीच. कारवारजवळच्या चेंडियाचा हा माणूस 1940 साली शिपाई म्हणून भरती झाला आणि डिसेंबर 1947 मध्ये अधिकारी. चारच महिन्यांनी, एप्रिल 1948 मध्ये, नौशेरा-राजौरी रस्त्यावर तो जखमी अवस्थेत, गोळीबारात, रणगाड्यांसाठी सुरुंग आणि अडथळे काढत पुढे सरकत राहिला. रणगाडे राजौरीला पोहोचू शकले ते त्यामुळे. खडकीला, आमच्या बॉम्बे सॅपर्सच्या केंद्रात, नवा सॅपर पहिल्या आठवड्यातच हे नाव ऐकतो.

तेव्हा ज्याला मोठ्या डिझाइन ऑफिसात नाव कमवायचं आहे, त्याने येऊ नये, मी त्याला अडवीनच. ज्याला बांधलेलं तपासायला स्वतः त्यावरून चालत जायची तयारी आहे, त्याने शेवटच्या वर्षीच टीजीसीची (टेक्निकल ग्रॅज्युएट कोर्स, म्हणजे इंजिनियरांना थेट अधिकारी होण्याची वाट) जाहिरात पाहावी. वयाची अट 20 ते 27, लेखी परीक्षा नाही. मार्कांवरून निवड आणि मग एसएसबीची, म्हणजे अधिकारी निवडणाऱ्या मंडळाची, मुलाखत. बाकी काही विचारायचं असेल तर फोन मुलाने करावा, वडिलांनी नाही.