तुम्ही विचारलंत म्हणून: शनिवारी शाळेत शक्तिमान कशाला?

"मॅडम, पोट्ट्यायच्या हातात मोबाईल हाय, त्यात एकापेक्षा एक भारी पिक्चर येते, अन् तुम्ही शाळेत त्यायले हे जुनं शक्तिमान कायले दाखवता?"

पालक सभेत हा प्रश्न हमखास येतो. बाजारात भाजी घेताना येतो. एकदा तपासणीला आलेल्या साहेबांनीही तो विचारला, फक्त जरा शुद्ध भाषेत. उभ्या उभ्या दिलेलं उत्तर अर्धवट राहतं, म्हणून आज बसून लिहिते.

मी यवतमाळ जिल्ह्यात, आर्णी तालुक्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेत सहावी-सातवीला शिकवते. शनिवारी मुलं दप्तराशिवाय येतात. गावाने वर्गणी काढून शाळेला मोठा टीव्ही दिला आहे. त्यावर कधी शक्तिमानचा एखादा भाग, कधी जपानचा अल्ट्रामॅन, कधी १९५०च्या दशकातला अमेरिकेचा सुपरमॅन लावते. हे मी मुलांच्या करमणुकीसाठी करत नाही. या मालिकांमध्ये माणूस दिसतो. पोशाखाच्या आत खरा माणूस आहे, तो दमतो, त्याच्या केसांना वारा लागतो, त्याचा पाय जमिनीला टेकतो, हे लपत नाही. आणि जे माणसाने केलेलं दिसतं, ते आपल्यालाही करता येईल असं मुलाला वाटतं. माझं म्हणणं एवढंच आहे, पण ते नीट सांगायला जरा वेळ लागेल.

शक्तिमान दूरदर्शनवर सप्टेंबर १९९७मध्ये सुरू झालं, तेव्हा मी चौथीत होते. गाव दारव्हा तालुक्यातलं. आमच्या ओळीत टीव्ही एकाच घरी होता, ओसरीत, आणि अँटेना टिनावर. एक जण वर चढून अँटेना फिरवायचा, दुसरा दारात उभा राहून ओरडायचा, "आलं! आलं! गेलं!" मालिका पुढे रविवारी दुपारी बाराला लागायला लागली. दिवाळीनंतरचे रविवार म्हणजे कापूस वेचणीचे. पोरं सकाळपासून मायसोबत वावरात, आणि बाराच्या सुमाराला एकेक जण कापसाच्या ओळीतून गायब. लाइन गेली की ट्रॅक्टरची बॅटरी काढून आणण्याइतकी घाई मोठ्या माणसांनाही असायची. ती घाई मुलांसाठी होती असं ते म्हणत, पण पहिल्या रांगेत आमचे आबाजी बसलेले असत.

आबाजी का बसत, हे मला फार नंतर कळलं. शक्तिमान म्हणजे मुकेश खन्ना, आणि मुकेश खन्ना म्हणजे आमच्या गावासाठी भीष्म. बी. आर. चोप्रांच्या महाभारतातले भीष्म लोकांनी हात जोडून पाहिले होते. मालिकेतला खलनायक तमराज किल्विश झालेले सुरेंद्र पाल त्याच महाभारतात द्रोणाचार्य होते. म्हणजे जुन्या माणसांच्या डोळ्यांसमोर भीष्म आणि द्रोण पुन्हा उभे होते, कपडे बदलून, आणि या वेळी एकमेकांसमोर. कुंडलिनी, सात चक्रं, पंचमहाभूतं या गोष्टी कीर्तनातून त्यांच्या कानावरून गेलेल्याच होत्या. दूरच्या ग्रहावरून आलेला नायक त्या ओसरीत परका ठरला असता. हा नायक ध्यानाला बसून शक्ती मिळवत होता, त्यामुळे आजोबा आणि नातू एकच मालिका एकाच गंभीरपणे पाहत होते. असं त्या ओसरीत पुन्हा घडलेलं मला आठवत नाही.

आम्हा पोरांना चक्रांचं काही पडलं नव्हतं. आम्हाला शक्तिमानची गिरकी हवी होती. एक हात वर, बोट आकाशाकडे, आणि भवंडी येऊन पडेपर्यंत गरगर फिरायचं. दुसरा खेळ नावाचा. शक्तिमान एरवी ज्या साध्या माणसाच्या रूपात वावरायचा, त्या गंगाधरचं पूर्ण नाव. पंडित गंगाधर विद्याधर मायाधर ओंकारनाथ शास्त्री हे एका श्वासात, न अडखळता म्हणायचं. त्या नावावर माझी जीभ जितकी वळली तितकी पाढ्यांवर वळली नसेल.

आता वर्गाकडे येते.

जॉर्ज रीव्ह्ज या नटाचा सुपरमॅन १९५२ ते १९५८ या काळात चालला, एकूण १०४ भाग. त्यातले पहिले ५२ कृष्णधवल. त्या भागांत त्याचा पोशाख खरोखर निळा-लाल नव्हताच. पडद्यावर करड्या रंगाच्या छटा नीट वेगळ्या दिसाव्यात म्हणून तो तपकिरी आणि राखाडी कापडाचा शिवला होता. हे सांगितलं की मुलांचे डोळे मोठे होतात. मग मी त्यांना तो उडतो तेवढाच तुकडा पुन्हा लावून देते आणि गप्प बसते. एका पोराने तिसऱ्यांदा पाहून सांगितलं, "मॅडम, हा उडून नाही राह्यला. हा कशावर तरी उडी मारून राह्यला, अन् ते आपल्याले दाखवून नाही राह्यले." बरोबर. चौकटीच्या बाहेर उसळीची फळी ठेवलेली असे, तिच्यावर पाय देऊन रीव्ह्ज झेप घेई. आकाशातला भाग वेगळा, तेव्हा तो पालथा एका आधारावर निजलेला असे. दोन तुकडे जोडले की उड्डाण तयार. पोराला हे कोणी शिकवलं नव्हतं, त्याने ते पाहून ओळखलं. विज्ञानाच्या तासाला मला हेच हवं असतं आणि तिथे ते सहजी मिळत नाही.

अल्ट्रामॅनने तर आमच्या शाळेचं अंगणच बदललं. ही मालिका १९६६-६७ची, ३९ भागांची. तिच्यामागे एजी त्सुबुराया होते. १९५४च्या गॉडझिला चित्रपटातली किमया त्यांचीच. पद्धत अशी, की रबरी पोशाखात माणूस उभा करायचा आणि त्याच्या गुडघ्याएवढं गाव बांधायचं. महाकाय अल्ट्रामॅनच्या पोशाखात बिन फुरुया नावाचा नट होता. गोष्टीत अल्ट्रामॅनला पृथ्वीवर तीन मिनिटांच्या वर टिकता येत नाही, वेळ संपत आली की छातीवरचा दिवा लुकलुकायला लागतो. आमची मुलं त्या दिव्याकडे ज्या काळजीने पाहतात, ती पाहण्यासारखी असते.

एका मुलीने हात वर केला. "मॅडम, ते झाडं खोटे हायेत. वारा सुटला तरी पानं हालत नाही." आणि लगेच पुढचा प्रश्न: "मंग ती बिल्डिंग पडते थे खरी काऊन वाटते?"

या प्रश्नावर आमचे दोन शनिवार गेले, आणि ते सार्थकी लागले. मुलांनी शाळेच्या मागे गाव बांधलं. मातीच्या भिंती, तुराट्यांचे खांब, काड्यापेट्यांचे टीव्ही, आणि बिस्किटाच्या पुड्याच्या चांदीची टिनं. आठवणीने एक अँटेनासुद्धा लावली, जी त्यांनी फक्त माझ्या बोलण्यात ऐकली होती. एक दांडगा पोरगा राक्षस झाला आणि त्याने लाथ घातली. मोबाईलवर पाहिलं तर सगळ्यांचे चेहरे पडले. भिंत ढेकळासारखी पडली होती, फट्‌कन. गाव पडल्यासारखं वाटतच नव्हतं.

मग फळ्यावर हिशेब मांडला. फूटभर उंचीवरून ढेकूळ पडायला साधारण पाव सेकंद लागतो. शंभर फूट उंच इमारतीच्या माथ्यावरून दगड पडायला अडीच सेकंद. उंची शंभर पट, वेळ दहा पट. म्हणजे आपली फूटभर भिंत शंभर फुटांची वाटायला हवी असेल तर ती दहा पट सावकाश पडली पाहिजे. त्सुबुरायांच्या कॅमेऱ्यातून फिल्म जास्त वेगाने पळवत आणि पडद्यावर नेहमीच्या वेगाने दाखवत, ती याचसाठी. आमच्या मोबाईलमध्ये स्लो मोशनचं बटण आहे. पोरांनी गाव पुन्हा बांधलं, मोबाईल जमिनीला टेकवून आडवा धरला, राक्षसाने लाथ घातली. या वेळी भिंत आधी वाकली, मग तिला तडा गेला, धूळ वर चढली आणि टिनं एकामागून एक घसरत खाली आली. कोणीतरी "बापा!" म्हणालं. तोच तुकडा त्यांनी इतक्यांदा पाहिला की शेवटी बॅटरी उतरली.

मोबाईलवरच्या नव्या चित्रपटांशी माझं भांडण नाही. मीही ते पाहते, काही आवडतात. पण संगणकावर घडवलेलं शहर कोसळतं तेव्हा हे कसं केलं असेल, हा प्रश्न माझ्या वर्गात निघत नाही. तिथे टाका दिसत नाही, म्हणून उसवून पाहावंसं वाटत नाही.

आता मुलींचं. माझ्या लहानपणी शक्तिमान व्हायला पोरांची भांडणं होत, आणि मुलींच्या वाट्याला वाचवली जाणारी बाई येई. मला ते कधीच रुचलं नाही. मला शक्तिमानमधली गीता विश्वास व्हायचं होतं. ती वार्ताहर होती, 'आज की आवाज' नावाच्या वर्तमानपत्रात. ती प्रश्न विचारायची, एकटी फिरायची आणि साहेबाशी वाद घालायची. आमच्या गावात नोकरी करणारी बाई म्हणजे नर्सबाई आणि अंगणवाडीच्या ताई, दोघींबद्दल मला अपार आदर आहे. पण माणसांना उलट प्रश्न विचारणं हेच जिचं काम आहे, अशी बाई मी पहिल्यांदा तिथे पाहिली. वैष्णवी महंत यांनी ती ज्या ताठ मानेने केली, त्याचं मोल फारसं कोणी बोलून दाखवत नाही. पोळ्याच्या दिवशी लाटणं हातात धरून मी बैलांच्या मालकांच्या मुलाखती घेतल्या होत्या. आज माझ्या वर्गातल्या मुली आमच्या चित्रफितींच्या सुरुवातीला बातमी देतात, ती परंपरा तिथूनच आली आहे.

पालक आणखी एक शंका काढतात, आणि ती शंभर टक्के रास्त आहे. पोरगं शक्तिमान समजून धाब्यावरून उडी मारेल त्याचं काय? शक्तिमान चालू असताना मुलांनी अशा नकला करून स्वतःला इजा करून घेतल्याच्या बातम्या वर्तमानपत्रांत आल्या होत्या, त्यावर खूप वादही झाला. मालिकेतच मुकेश खन्ना मुलांशी समोरासमोर बोलून असं करू नका म्हणून बजावत असत. मी ती भीती हलक्यात घेत नाही. आमच्या शाळेत उड्डाण दाखवायच्या आधी उड्डाण कसं केलं ते दाखवलं जातं, हा नियम मी कधी मोडलेला नाही. ज्या मुलाने स्वतः बाकावर पालथं निजून, गळ्यात ओढणी बांधून, मित्राकडून पुठ्ठ्याने वारा घालून घेतला आहे, त्याला माणूस उडत नाही हे कोणी वेगळं सांगावं लागत नाही.

सगळंच डोक्यावर घ्यावं असं त्यात आहे, असं मी म्हणत नाही. शक्तिमान २००५पर्यंत चाललं, आणि मधले कितीतरी भाग नुसते लांबवलेले आहेत. गंगाधरचे पुढे आलेले दात आणि चष्मा यावर हसायचं, हे मला आता पाहवत नाही. माझ्या वर्गात चष्म्याचं पोरगं आहे, ते प्रसंग मी सरळ गाळते. केतन मेहतांचं कॅप्टन व्योम १९९८चं, मिलिंद सोमण त्यात नायक. कल्पनेत ते शक्तिमानपेक्षा पुष्कळ पुढे होतं, पण आमच्या ओसरीत ते रुजलं नाही. त्याच्यात भीष्म नव्हते.

भागाच्या शेवटी मुलांच्या चुकांवर एक छोटा प्रसंग यायचा. कोणी नळ उघडा ठेवला, कोणी खोटं बोललं, आणि शक्तिमान येऊन समजावून सांगायचा. मूल म्हणायचं, "सॉरी, शक्तिमान." शहरातल्या माझ्या मैत्रिणींना ते कंटाळवाणं वाटायचं. मला नाही वाटलं. टीव्हीतला माणूस कॅमेऱ्यात पाहून थेट आमच्याशी बोलतोय, आमच्याकडून काहीतरी अपेक्षा ठेवतोय, हे आम्हाला नवं होतं. तोवर टीव्ही आमच्याशी बोलत नव्हता, तो दुसऱ्या कोणाशी तरी बोलायचा आणि आम्ही ऐकायचो.

सध्या आमचं हिरव्या पडद्याचं काम चालू आहे. एका रंगाचं कापड मागे लावायचं, आणि तेवढा रंग पुसून तिथे दुसरं चित्र बसवायचं. हिरवा रंग घेतात, कारण माणसाच्या कातडीत तो जवळपास नसतो. पहिल्याच प्रयत्नात सातवीतली एक मुलगी अरुणावती नदीवरून उडाली आणि वर्ग किंचाळला, कारण तिचे हात मनगटापाशी तुटलेले दिसत होते. तिच्या हातात हिरव्या बांगड्या होत्या, कापडाबरोबर त्याही पुसल्या गेल्या. आपलं काय चुकलं ते तिने स्वतःच शोधलं, बांगड्या काढून दप्तरात ठेवल्या आणि पुन्हा बाकावर चढली. शनिवारी दप्तर आणायचं नसतं, पण तिने आणलं होतं.

तेव्हा पुढच्या वेळी प्रश्न विचारायला याल तर शनिवारी सकाळी शाळेतच या. आणि घरात गडद हिरव्या रंगाची, बिनकाठाची, बिननक्षीची जुनी साडी असेल तर घेऊन या. आमची एक आहे, ती आडवी पुरत नाही, उडणाऱ्याचे पाय बाहेर राहतात.